तीस कोटी वर्षं आणि समोरचे काका

काल विहीणबाईंच्या बशीवर झुरळ चढलं. "असू दे हो, आमच्याकडेही असतात," त्या म्हणाल्या. त्यांच्याकडे नसतात हे मला नीट कळेल अशा सुरात. जाऊ दे.

आज पेस्ट कंट्रोलवाला मुलगा आला. तो ओट्याखाली वाकून जेलचे ठिपके लावत होता, तेवढ्यात समोरचे काका रिकामा कप घेऊन हजर. कप त्यांचा, चहा आमचा, अशी नौपाड्यातली आमची जुनी वहिवाट.

"काय उपयोग नाही, बाळ," मला म्हणाले. (बाळाला पुढच्या वर्षी पेन्शन सुरू होतेय.) "डायनासोर गेले, हे राहिलं. तीस कोटी वर्षांत मिशीसुद्धा बदललेली नाही."

"काका, तेव्हाच्या त्या किड्यांना अंडी घालायला मागे लांब नळी होती. आताची झुरळं अंड्यांची कुपी टाकतात."

"नळी गेली म्हणून काय झालं? आपली गच्चीतली टाकी बदलली. बिल्डिंग तीच ना?"

बिल्डिंग तीच आहे, हे मात्र खरं. पुनर्विकासाच्या सभेत दरवर्षी तेच वडे आणि तेच भांडण. सीलाकॅन्थ नावाचा मासा साडेसहा कोटी वर्षांपूर्वी संपला असं शास्त्रज्ञ धरून चालले होते, तो १९३८ साली दक्षिण आफ्रिकेच्या किनाऱ्याजवळ जाळ्यात जिवंत सापडला. आमची फाईलही कुणाच्या तरी कपाटात अशीच जिवंत असणार.

तरी मी हट्टाने सांगितलं, "झुरळं बदलतात, काका. अमेरिकेत 'जर्मन' जातीच्या काही झुरळांना ग्लुकोज कडू लागायला लागलं. गोड आमिषाला तोंडच लावेनात. ती ग्लुकोज टाळतात हे १९९३ सालीच कळलंय, कडू लागतं म्हणून हे २०१३ साली."

"हो का?" म्हणत मधुमेही काकांनी तिसरा चमचा साखर घातली.

मुलगा ओट्याखालून म्हणाला, "साहेब, समोरच्या घरातही एकदम केलं तरच फरक पडेल. डक्ट एकच आहे."

मी काकांकडे पाहिलं.

"आमच्यात जीवहत्या चालत नाही," काका म्हणाले. रविवारी यांच्याच दारातून सुरमईचा वास येतो. "शिवाय आम्हाला त्रास नाही. ती संध्याकाळी तुमच्याकडेच येतात."

पैसे मीच दिले. तीन महिन्यांची वॉरंटी आहे म्हणे, पण पावतीवर बारीक अक्षरात लिहिलंय: 'शेजारून आलेल्या झुरळांची जबाबदारी नाही.'