दाव्यात घुसणारा प्रत्येक जण लुडबुड्या नसतो

जमिनीचा दावा जरा मार्गी लागला की तिसऱ्याच कुणाचा तरी अर्ज येतो, 'मलाही पक्षकार करा.' वादी चिडतो. प्रतिवादी मात्र पुष्कळदा 'हरकत नाही' असं लिहून देतो, कारण ताबा त्याच्याकडे असतो आणि तारखा वाढल्या तर त्याचं काहीच बिघडत नाही!

दिवाणी कोर्टात वावरणारा माणूस म्हणून माझं मत सांगतो. हा दरवाजा चिंचोळाच असावा. पण ज्याला मुद्दाम बाहेर ठेवलंय, त्याच्या तोंडावर तो आपटू नये.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १ नियम १० प्रमाणे कोर्ट कोणत्याही टप्प्यावर, अगदी स्वतःहूनही, पक्षकार जोडू किंवा वगळू शकतं. लोकांना वाटतं, निकालानं आपलं नुकसान होणार असेल तर झालं, आपला हक्क आला. तसं नाही. या माणसाशिवाय हुकूमनामा (दाव्याचा औपचारिक निकाल) होऊ शकतो का, आणि वादाचा पूर्ण निकाल लागायला त्याची गरज आहे का, हे कोर्ट बघतं.

कस्तुरी विरुद्ध इय्यमपेरुमल (२००५) मध्ये दावा होता विक्रीच्या कराराच्या पूर्ततेचा. तिथे 'जमीन मुळात आमची, ताबाही आमचा' म्हणत बाहेरचे लोक आले. सर्वोच्च न्यायालयाने त्यांना घेतलं नाही, कारण मग करार बाजूला राहून दावा मालकीहक्काचा झाला असता. मला हे पटतं. तो हुकूमनामा त्यांच्यावर बंधनकारक नाही आणि स्वतंत्र दाव्याची वाट त्यांना मोकळी आहे. अयोध्येच्या प्रकरणातही १४ मार्च २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्रयस्थांचे हस्तक्षेप अर्ज फेटाळले. अर्जदारांत नामवंत मंडळी होती, पण वादाबद्दल तळमळ असणं वेगळं आणि त्या जागेत हक्क असणं वेगळं.

दावा चालू असताना जमीन विकत घेणाऱ्यांचं काय? मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ मुळे त्यांची खरेदी निकालाच्या अधीन राहते. महाराष्ट्रात त्यासाठी दाव्याची नोटीस नोंदवावी लागते, आणि नेमकं तेच बरेच वादी करत नाहीत. अशा खरेदीदाराला आत घ्यावं असं मला वाटतं, कारण जमीन विकून पैसे खिशात टाकलेला मूळ मालक पुढे दावा कशाला लढेल? मात्र खरेदीदाराने विकणाऱ्याच्याच जागी उभं राहावं, नवी कहाणी रचू नये.

माझा खरा राग वाटपाच्या दाव्यांवर आहे. दोन भाऊ एकमेकांवर दावा करतात, काही महिन्यांत तडजोड होते आणि बहिणींचं नाव कागदावर कुठेच नसतं. हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतकाच जन्मतः हक्क दिला. सर्वोच्च न्यायालयाच्या विनीता शर्मा निकालाने (२०२०) त्यासाठी वडील ९ सप्टेंबर २००५ रोजी, म्हणजे दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, हयात असण्याची गरज नाही, हेही स्पष्ट केलं. तरी बहिणीने अर्ज केला की एरवी एकमेकांचं तोंड न बघणारे भाऊ एका सुरात म्हणतात, 'तिने वेगळा दावा करावा.' का करावा? वाटपात प्रत्येक हिस्सेदार आवश्यक पक्षकार असतो. हिस्से ठरवणारा प्राथमिक हुकूमनामा झाल्यावरही, प्रत्यक्ष वाटणीचा अंतिम हुकूमनामा होईपर्यंत हिस्से दुरुस्त करता येतात. ती उशिरा आली म्हणून नाक मुरडणाऱ्यांनी तिला सुरुवातीला समन्स का गेलं नाही, ते आधी सांगावं.

नुसता वेळ काढायला येणाऱ्यांवर दणदणीत खर्च बसवा, माझी काही तक्रार नाही. पण वाटपाचा दावा दाखल करतानाच मुलींसकट पूर्ण वंशावळ शपथपत्रावर मागा, आणि त्यात नाव लपवलेलं निघालं तर तो खर्च लपवणाऱ्याकडूनच वसूल करा.