काका बहिरे नव्हते हो!

आज बँकेत माझ्या पुढे एक काका होते, त्यांना काउंटरवरच्या बाईंची भाषा येत नव्हती आणि बाईंना त्यांची, मग बाईंनी काय करावं, तर तेच वाक्य पुन्हा, फक्त दुप्पट आवाजात. मग तिप्पट. शेवटी काकांनी घाबरून मान डोलावली आणि सही करून टाकली. कशावर केली देव जाणे. डोकंच फिरलं माझं.

आई हॉस्पिटलमध्ये होती तेव्हा शेजारच्या बेडवर एक आजी होत्या. दोघींना एकमेकींची भाषा ओ की ठो येत नव्हती, पण गप्पा दिवसभर! एकदा आजींनी पोटावर हात ठेवून तीन बोटं दाखवली. आई म्हणाली, अगं तीन मुलं आहेत त्यांना, आणि हाताने पाळणा हलवून दाखवला. आजी इतक्या हसल्या की टाके दुखायला लागले. तीन ऑपरेशनं झाली होती बिचारीची!

आणि त्याच आजींना राउंडवरचे डॉक्टर पाच वाक्यं भराभर सांगून विचारायचे, समजलं ना? आजी मान हलवायच्या. डॉक्टर पुढच्या बेडवर. मग आजी आईकडे बघायच्या, की आता हे काय होतं? अरे, घाबरलेलं माणूस हो म्हणणारच ना!

1977 मध्ये स्पेनच्या टेनेरिफ बेटावर धुक्यात दोन जम्बो विमानं धावपट्टीवरच धडकली, 583 माणसं गेली. पायलट आणि कंट्रोल टॉवर यांच्या रेडिओवरच्या बोलण्यातला गोंधळ हे त्यातलं एक मोठं कारण. त्यानंतर नियम कडक झाले, आता पायलटला महत्त्वाची सूचना नुसतं ओके म्हणून सोडता येत नाही, परत म्हणून दाखवावी लागते. मग औषधाच्या डोसला हे का नको? कर्जाच्या कागदाला का नको?

हो, मान्य, मागे रांग असते, कामाचा ताण असतो. मोबाईलवर भाषांतरही होतं आजकाल, तेही ठीक. पण तो मोबाईल काढायची तरी इच्छा हवी ना.

आईने आजींच्या गोळ्यांच्या पाकिटांवर पेनाने सूर्य आणि चंद्र काढून दिले होते, आणि मग आजींकडूनच खुणेने वदवून घेतलं कुठली कधी. दोन मिनिटं लागली. आई काही फार शिकलेली नाही, तिला फक्त समोरच्याला कळावं असं मनापासून वाटत होतं.

आणि "भाषा येत नाही तर येतात कशाला" हे ज्यांना इथे लिहायचंय त्यांनी प्लीज आज लिहू नका, मी खरंच भांडेन.