भावकीची गोष्ट लिहायचीय? आधी सातबारा काढा

घरातल्या भांडणाच्या गोष्टीत वाचक अडकतो तो भांडणाऱ्या दोघांचंही पटतं तिथं. आणि ते पटवायला लेखकाला हिशेब यावा लागतो.

सहा एकर रान धरा. तीन भाऊ, एक बहीण, विहीर सामाईक. विहीर थोरल्याच्या वाट्यात गेली की धाकट्याची पाइपलाइन त्याच्याच रानातून जाणार. पाण्याची पाळी दर तिसऱ्या दिवशी, पण लाइट एक आठवडा दिवसा अन् एक आठवडा रात्री. रात्रीची दारं कुणी धरायची, म्हणजे जागून पिकाला पाणी कुणी द्यायचं? मार्चात विहिरीनं तळ दाखवला की तासांवरून कुरबुर सुरू. इथून संवाद लिहा, एकालाही खलनायक करावं लागत नाही.

खरा ऐवज मात्र बहिणीपाशी आहे. हिंदू वारसा कायद्याच्या 2005च्या दुरुस्तीनं वडिलोपार्जित जमिनीत तिला भावाइतका हक्क मिळाला. वडील त्याआधी वारले असले तरी तो राहतो, हे सर्वोच्च न्यायालयानं 2020 मध्ये स्पष्ट केलं. 20 डिसेंबर 2004 आधी नोंदणी झालेली वाटणी मात्र मोडत नाही. म्हणजे जुन्या ट्रंकेतला एक कागद सगळी कादंबरी फिरवू शकतो.

हा हक्क भावांसाठी सोडायचा तर हक्कसोड पत्राला तिला सहसा स्वतः दुय्यम निबंधकाकडं यावं लागतं. फोटो, अंगठा, दोन साक्षीदार. तिला आणायला कुणाची गाडी गेली? साडी सहीच्या आधी दिली की नंतर? जावई बाहेर चहाच्या टपरीवर का थांबला? पुढं तलाठ्याकडं फेरफार, म्हणजे सातबाऱ्यावरची नावं बदलायची नोंद, हरकतीला पंधरा दिवस. एवढ्या दिवसांत तिचं मन पालटू शकतं. ती सही देते ती दिवाळीच्या साडीचोळीसाठी, लेकीच्या लग्नात मामा उभा राहावा म्हणून. हे भावांनाही कळतं, म्हणून तर त्यांची मान वर होत नाही.

मालिका फसतात त्या इथंच. भुवई उडवणारी जाऊ दिसते, पण तिच्या नवऱ्यानं किती वर्षं एकट्यानं गावच्या सहकारी सोसायटीचं शेतीकर्ज फेडलं, ते कुणी सांगत नाही. (पार्श्वसंगीताबद्दल न बोललेलंच बरं.)

आणि आई. जमीन वाटली की विहिरीसारखी तिचीही पाळी लागते, एकेका महिन्याची. फेब्रुवारी जिच्या वाट्याला येतो त्या जावेला बाकीच्या दोघी दोन दिवसांचा हिशेब ऐकवतात, अन् म्हातारी ओट्यावर बसून पिशवी भरत असते.