नव्वदचा गंधार

प्रमोदने मोबाईल सगळ्यांच्या नाकासमोरून फिरवला. गाडी वरून गेली की चाकांखाली गाणं वाजतं, अशा गाणाऱ्या रस्त्याचा तो व्हिडिओ आम्ही सगळ्यांनी आधीच पाहिला होता. पण प्रमोदने दाखवल्याशिवाय कट्ट्यावर कुठलीच गोष्ट अधिकृत होत नाही.

"दंड नको, पोलीस नको," तो म्हणाला. "ठरल्या वेगाने जा, गाणं सुरेल. हाणलीत, की बेसूर! माणूस आपोआप हळू चालवतो. याला म्हणतात मानसशास्त्र." (प्रमोद 'मानसशास्त्र' म्हणाला की ओळखायचं, कुठून तरी फॉरवर्ड आलंय.)

"बेसूर कसं होईल?" वैशालीने विचारलं. ती पेटी वाजवते.

"म्हणजे?"

"रस्त्यात आडव्या खाचा असतात ना? समज, पाच-पाच सेंटिमीटरवर आहेत. ताशी ७२ किलोमीटर म्हणजे सेकंदाला २० मीटर. चाकाखालून सेकंदाला ४०० खाचा गेल्या. हा तुझा सा. आता ९० ने जा. खाचा ५००, म्हणजे सव्वापट. 'सा'च्या जागी शुद्ध गंधार लागला. पण बाकीचे सूरही सव्वापटच चढले की! चाल तीच, फक्त पट्टी वरची आणि लय जलद. १०८ ने गेलास तर सा थेट पंचमावर. बेसूर कुठेच नाही. उलट जोरात हाणणाऱ्याला द्रुत बंदिश फुकट."

नाना खूश. "म्हणजे तराणाच!"

"मग कॅलिफोर्नियातला तो लँकेस्टरचा रस्ता?" प्रमोद हार मानणारा नव्हे. "तो वाजतो ना बेसूर?"

"२००८ मध्ये केला तेव्हा खाचांमधली अंतरंच चुकली. तिथे बैलगाडी ने नाहीतर विमान, बेसूरच."

नानांना नेदरलँड्सचं येल्सुम आठवलं. २०१८ मध्ये गावाजवळच्या रस्त्यावर ताशी ६० ला प्रांतगीत वाजेल अशी सोय केली होती. गावकऱ्यांनी काही दिवसांतच ती काढायला लावली.

"कलेची कदर नाही लोकांना," प्रमोद म्हणाला.

"अरे, गाडीतल्याला ते एकदाच ऐकू येतं. घरातल्याला प्रत्येक गाडीचं," वैशाली म्हणाली. "अगदी तुझ्या रिव्हर्सच्या ट्यूनसारखं."

यावर नानांनी जी मान हलवली, तीत कित्येक पहाटांची झोपमोड होती.

प्रमोदने मोर्चा हॉर्नकडे वळवला. "बरं, रस्ता सोडा. गडकरींनी २०२१ मध्येच सांगितलंय, हॉर्नमध्ये बासरी, तबला, व्हायोलिन! कान तरी वाचतील."

"हॉर्न दाबणारा गात नसतो रे," वैशाली म्हणाली, "शिवी देत असतो. शिवीला चाल लावली म्हणून तिचा अभंग होत नाही. आणि गोड वाजायला लागल्यावर हॉर्नवरचं बोट काढणार कोण?"

मी मध्येच म्हटलं, की खरी गडबड गाडीच्या आतल्या संगीताने होते. इस्रायलचे संशोधक वॉरन ब्रॉडस्की यांनी २००१ मध्ये सिम्युलेटरवर तपासलं होतं: गाण्याची लय वाढली की गाडीचा वेग वाढतो, लाल सिग्नलही जास्त तोडले जातात. माझ्याकडे कुणीही पाहिलं नाही. वैशालीने मात्र मुद्दा उचलला, स्वतःच्या कामापुरता.

"लय वाढण्याबद्दल प्रमोदलाच विचारा. कॉलेजच्या गॅदरिंगला तबल्यावर हाच होता. मध्यलयीत सुरू केलेलं गाणं याने दुसऱ्या कडव्याला पळवत नेलं. ज्याला समेवर थांबता येत नाही, तो सिग्नलला काय थांबणार?"

नाना हसता हसता कट्ट्यावरून घसरले.

"तबला बरोबर होता!" प्रमोद ओरडला. "पेटी मागे पडली!"

"पेटी? मागे?"

"विचार कुणालाही! हे नाना होते पहिल्या रांगेत. नाना, सांगा हो."

"मी झोपलो होतो," नाना म्हणाले.