लाल शाईतला नातू

घर खाली करून मागण्याचा दावा दाखल होतो तेव्हा घरमालकाच्या मुलाला दवाखाना काढायचा असतो. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ च्या कलम १६ मध्ये ही वाजवी आणि प्रामाणिक गरज. दावा पुराव्याला लागेपर्यंत मुलाने दवाखाना दुसरीकडे थाटलेला असतो, त्याचे केस पिकलेले असतात आणि आता त्याच्या मुलाला क्लास काढायचा असतो. दाव्यात मात्र घरमालकाचा मुलगा अजून २५ वर्षांचा, होतकरू, अविवाहित. मग आम्हा वकिलांना दाव्याचा मजकूर बदलण्याचा दुरुस्ती अर्ज आठवतो.

दिवाणी प्रक्रिया संहिता, आदेश ६, नियम १७. याला १ जुलै २००२ पासून एक परंतुक (म्हणजे अट) चिकटले आहे: सुनावणी सुरू झाल्यावर दुरुस्ती नाही, तत्परता दाखवूनही ही बाब आधी मांडता आली नसती, असे कोर्टाला पटले तरच अपवाद. सुनावणी सुरू कधी होते? पक्षकाराला वाटते, आपण पिंजऱ्यात उभे राहतो तेव्हा. सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली सांगितले, सरतपासणीचे, म्हणजे स्वतःच्या साक्षीचे, शपथपत्र दाखल झाले की झाली. तेव्हा ते शपथपत्र टाइप करण्याआधी दावा पक्षकाराला मोठ्याने वाचून दाखवावा. दुसऱ्या मजल्याची खोली तिसऱ्या मजल्यावर गेलेली तिथेच सापडते. नाहीतर ती उलटतपासणीत सापडते, किंवा हुकूमनाम्यानंतर थेट जागेचा ताबा घ्यायला आलेल्या बेलिफला.

अर्जावर कोर्ट लिहिते, ‘इतर पक्षाने म्हणणे द्यावे.’ म्हणणे वाचायची गरज नसते. अर्ज उशिरा आहे, दाव्याचे स्वरूप बदलते, वेळ काढण्याचा हेतू आहे, सबब खर्चासह फेटाळावा. नातू दाव्यानंतर जन्मला असला तरी ‘त्याचा उल्लेख सुरुवातीलाच का केला नाही’ हे त्यात असतेच! उत्तर सोपे आहे: दाव्यानंतर घडलेल्या घटना कोर्ट विचारात घेऊ शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७५ पासून सांगून ठेवले आहे, आणि तेही घरमालक-भाडेकरूच्याच प्रकरणात.

काही रोगांवर मात्र हे औषध चालत नाही. थकीत भाड्याच्या नोटिशीनंतर ९० दिवस थांबायचे असते. ८५व्या दिवशी दावा ठोकला असेल तर उरलेले पाच दिवस शाईने भरून निघत नाहीत. भाडेकरूने कैफियतीत, म्हणजे दाव्याच्या लेखी उत्तरात, ‘थकबाकी आहे हे खरे’ असे एकदा लिहिले, की दुरुस्तीच्या नावाखाली ते ‘खोटे’ करणेही महाकठीण. नवा बचाव जोडता येतो, दिलेली कबुली गिळता येत नाही.

अर्ज मंजूर झाला की सगळे चहाला जातात, आणि खरा घोटाळा इथे होतो. मंजुरी म्हणजे दुरुस्ती नव्हे. कोर्टाने मुदत दिली नसेल तर १४ दिवसांत ती मूळ दाव्यात स्वतः उतरवायची असते (नियम १८). चुकलात तर मुदतवाढीचा वेगळा अर्ज. आमच्याकडे हे लाल शाईने चालते. परिच्छेद ४ नंतर ४-अ, जुना मजकूर वाचता येईल असा खोडायचा, शेजारी सही आणि तारीख. समास मुळात दीड बोटाचा, त्यात नातू, त्याचे शिक्षण आणि क्लासची जागा बसवायची. मावले नाही तर जोडपान. मग पडताळणी, म्हणजे मजकूर खरा असल्याची दाव्याखालची सही, नव्याने, कारण जुन्या पडताळणीला नातू ठाऊक नाही. सर्वांत जास्त विसरली जाते ती शेवटची विनंती: वर ४-अ मध्ये पोटमाळाही मागायचा आणि खाली मागणीत फक्त खोली ठेवायची. जे मागितलेच नाही ते कोर्ट कशाला देईल? खर्च बसवला असेल तर तो भरून पावती लावायची आणि दुरुस्त दाव्याची स्वच्छ प्रत समोरच्याला द्यायची.

त्यावर भाडेकरूची जादा कैफियत येते. नातू रोज संध्याकाळी त्याच्याच खिडकीवर चेंडू मारत असतो, तरी परिच्छेद १ मध्ये ठळक लिहिलेले असते: ‘वादीस नातू आहे हे प्रतिवादीस मान्य व कबूल नाही.’