आधी माणसं गाठा

इंदूरच्या कापडगिरण्यांवर माहितीपट व्हावा, हे लेखातलं म्हणणं पटलं. पण नुसता धुराड्यांवर कॅमेरा फिरवून भागायचं नाही. हुकुमचंद मिल १९९१ साली बंद पडली, कामगारांचे थकलेले पैसे मिळायला २०२३चा डिसेंबर उजाडला. तोवर कितीतरी जण गेले. आमचे आजोबाही. ते मागावर कापड विणायचे. तिथल्या खडखडाटात ऐकू काही यायचं नाही, म्हणून ओठ आणि हातवारे बघून बोलणं चालायचं. घरी मात्र सवयीने ओरडूनच बोलत, आजी वैतागायची! तुटलेला धागा सांधून धोटा, म्हणजे आडवा धागा नेणारी नळी, पुन्हा कसा लावायचा, ते रिकाम्या हातांनी करून दाखवत. ते हात कुणीच चित्रित केले नाहीत. अनंत चतुर्दशीला गिरण्यांच्या झांक्या, म्हणजे चित्ररथ, निघतात; त्यांचे व्हिडिओ ढिगाने मिळतील. झांकी बांधणाऱ्या म्हाताऱ्या कारागिरांकडे आधी जा.