आंबट वासाची नोटीस

आज सकाळी नौपाड्यातल्या आमच्या सोसायटीच्या फळ्यावर नोटीस लागली: 'तिसऱ्या मजल्यावर लोणच्याचा व्यवसाय चालतो असे निदर्शनास आले आहे. 7 दिवसांत खुलासा करावा, अन्यथा कमर्शियल दराने मेंटेनन्स आकारला जाईल.' तिसऱ्या मजल्यावर मी राहतो. लोणचं आम्ही विकत आणतो.

माझा धंदा जुनं फुटेज पुरवण्याचा. भंगारात निघालेली 16 एमएमची रिळं आणायची, पुसायची, स्कॅन करायची, हक्कांचे कागद जमवायचे आणि डॉक्युमेंटरीवाल्यांना सेकंदाच्या हिशेबाने द्यायची. यातली अ‍ॅसिटेट नावाच्या प्लास्टिकची रिळं ठाण्याच्या दमट हवेत सडतात आणि सडताना अ‍ॅसिटिक अ‍ॅसिड सोडतात. म्हणजे व्हिनेगरच. एक सडलं की शेजारच्यालाही लागण. रिळांचीही सोसायटीच असते.

हे सेक्रेटरीकाकांना समजवायला गेलो, तिथे चुकलं.

"पेटणार नाही ना रे?"

"नाही काका. पेटायची ती जुनी नायट्रेटची. हिला तर सेफ्टी फिल्मच म्हणतात."

"सेफ्टी, आणि असा वास मारते?"

मी डबा उघडून दाखवला. काकांनी नाक आत घातलं, डोळे मिटले, मग पुन्हा एकदा हुंगलं, या वेळी जरा आवडीने. "शेजवान," म्हणाले. "बरं, आहे काय ह्यात?"

"वागळे इस्टेटमध्ये शिफ्ट सुटतेय. कामगार, सायकली. एकाने त्यातले 14 सेकंद घेतले."

"कपाट भरून डबे, आणि विकले 14 सेकंद?"

हे लागलं. घरात याच वाक्यावर जेवणं थंड झाली आहेत.

"त्यापेक्षा आपली पहिली आगगाडी विक. बोरीबंदर ते ठाणे, 16 एप्रिल 1853. डबे 14, इंजिनं 3. साहिब, सिंध, सुलतान!" काकांना सगळं पाठ.

"काका, तेव्हा सिनेमाचा कॅमेराच नव्हता. मुंबईत पहिला खेळ झाला 7 जुलै 1896 ला, वॉटसन हॉटेलात."

काका थोडा वेळ गप्प. मग म्हणाले, "ते मुंबईचं झालं. ठाण्यात काढलं असेल कुणीतरी."

काकांवर माझा राग नाही. गेल्याच आठवड्यात एका प्रॉडक्शनच्या रिसर्चवाल्या पोराने मेलवर हेच मागितलं, वर 'एचडीत असेल तर बरं'. आणि ते 14 सेकंद? मूळ चित्र 4:3 चं. रुंद पडदा भरायला त्यांनी ते वरून-खालून कापलं. वर कामगारांची डोकी गेली, खाली माझ्या नावाचा वॉटरमार्क गेला. म्हणजे पाहायला पाठवलेली फुकटची कॉपीच थेट फिल्ममध्ये घातली, वॉटरमार्क नसलेली मास्टर कॉपी मागितलीच नाही! बिलाचं विचारलं तर म्हणे, टेलिकास्टनंतर 90 दिवसांनी. टेलिकास्ट कधी, ते चॅनल सांगेल.

सोसायटीने मला दिलेत 7.